अर्धा श्वास आधी

विधानसभेची मतमोजणी भाताच्या कापणीत आली, की परंदवडीला ती कानांनीच बघावी लागते. हातात विळा, डोक्यावर भारा, बोटांना पातीचे बारीक काप. मोबाइल कुणी काढायचा आणि बघायचा कधी? म्हणून त्या दिवशी भैरवनाथाच्या देवळावरचा भोंगा सकाळीच शिवाराकडे वळवतात आणि पायरीवर माईक धरून दत्तोबा बसतो.

बसायचा, असं म्हणायला हवं. मागच्या विधानसभेच्या निकालाला तो माईक त्याच्या हातून गेला. देवळाचाही आणि यात्रेतल्या घाटाचाही.

दत्तोबाचा आवाज लोणावळा स्टेशनात घडला. वडील तिथे पाटी घेऊन फिरायचे. उन्हाळ्यात करवंदं-जांभळं, एरवी उकडलेल्या शेंगा. मिसरूड फुटायच्या आत दत्तोबाही फिरू लागला. मुंबईकडून येणारी गाडी घाट चढून दमलेली असायची. तिला मागून ढकलणारी इंजिनं लोणावळ्यात सोडवायची, तेवढाच काय तो मुक्काम. तेवढ्यात सगळ्या डब्यांपर्यंत पाय पोचणं शक्य नव्हतं. मग त्याने आवाज पुढे पाठवायला सुरुवात केली. आधी आवाज पोचायचा, मागून पाटी, आणि पाटी दिसायच्या आत खिडकीतून हात बाहेर आलेले असायचे. पुढे तळेगावच्या एका कंपनीत लागला. तिथल्या मशिनींच्या खडखडाटावर चढून बोलून बोलून तो आवाज आणखी रुंद झाला. अंगाने मात्र दत्तोबा काटकुळाच. एवढ्याशा छातीत एवढं सगळं मावतं कसं, असं बघणाऱ्याला वाटतं.

बैलगाड्याच्या शर्यतीत तो ओढला गेला तो अपघाताने. यात्रेत निवेदकाचा घसा बसला आणि कुणीतरी जवळ उभ्या असलेल्या दत्तोबाच्या हातात माईक दिला. पहिल्याच बारीला गाव गप्प झालं.

घाट म्हणजे चढणीची लांब धावपट्टी. एका वेळी एकच गाडा सुटतो आणि वर निशाणाशी किती सेकंदांत पोचतो त्यावर त्याचा नंबर लागतो. या एका धावेला बारी म्हणतात. गाडा सुटला की अशी धूळ उठते की खाली उभ्या असलेल्यांना वरचं काहीच दिसत नाही. त्यांचे डोळे म्हणजे निवेदक. तो "आली, आली, आली" म्हणत राहतो, आणि निशाण पडलं की "झाली" म्हणतो. त्या एका शब्दावर टोप्या उडतात.

दत्तोबाच्या एक गोष्ट लवकर ध्यानात आली. निशाण पडलेलं बघून मग तोंड उघडलं, तर शब्द लोकांपर्यंत जाईतो बारी शिळी होते. म्हणून तो निशाणाकडे बघायचाच नाही. बैलांच्या मानांकडे बघायचा आणि अर्धा श्वास आधी "झाली" सोडायचा. त्याचा शब्द आणि निशाण एकदम पडायचे. इतक्या वर्षांत घाटात तो एकदाही चुकला नाही. निशाणाशी आलेला बैल मागे वळत नाही.

मतमोजणीतली जागा वळते. हे त्याला मागच्या विधानसभेत कळलं, आणि कोंडाजीआबांच्या मिशीला त्याची किंमत मोजावी लागली.

हे सांगायच्या आधी जोड्यांचं सांगायला हवं. देवळाच्या माईकवरून पक्षाचं नाव घ्यायचं नाही, असा परंदवडीचा जुना ठराव आहे. त्यावर दत्तोबाने तोड काढली. एका बाजूला एकत्र लढणारे सगळे पक्ष मिळून पांढरी जोडी, दुसऱ्या बाजूचे मिळून काळी. अपक्ष आणि कुणाच्याच जुवाला न गेलेले ते मोकाट. कुणाला कोणता रंग, हे देवळात चिठ्ठ्या टाकून ठरतं. पाच वर्षांत कोण कुणाशेजारी जुंपला जाईल याचा नेम नसल्यामुळे चिठ्ठ्या दर वेळी नव्याने टाकतात. आमदार दोनशे अठ्ठ्याऐंशी. एकशे पंचेचाळीस झाले की सरकार, म्हणून एकशे पंचेचाळीस हे निशाण. शिवारातल्या म्हाताऱ्या बायकांनाही हे हिशेब पाठ आहेत. राज्याचं पक्षीय बलाबल त्यांना विचारलं तर त्या बैलांचं सांगतील, पण बरोबर सांगतील.

कोंडाजीआबा यात्रा कमिटीचे अध्यक्ष. धोंडिबा त्यांचा शाळेपासूनचा सोबती आणि राजकारणातला कायमचा विरोधक. चिठ्ठी कशीही पडो, एक पांढरीचा असेल तर दुसरा काळीचा. मागच्या वेळी दोघांनी मिशीची पैज लावली. ज्याची जोडी हरेल त्याने देवळापुढे मिशी उतरवायची. आबांची पांढरी होती. दुपारी काळी जोडी आघाड्या धरून एकशे पंचेचाळीसवर गेली, दत्तोबाने आकड्याची मान बघितली आणि सवयीने अर्धा श्वास आधी सोडून दिलं, "झाली!"

शिवारात विळे हवेत गेले. आबा शब्दाचे पक्के. उठले, पिंपळाखाली सत्यम न्हाव्याने मांडलेल्या खुर्चीत जाऊन बसले. सत्यमने उजवी बाजू उतरवली आणि वस्तरा पुसायला घेतला, तेवढ्यात काळीच्या तीन जागा शेवटच्या फेऱ्यांत फिरल्या. संध्याकाळपर्यंत पांढरी जिंकली. आबा आपल्या विजयी मिरवणुकीत अर्धी मिशी उपरण्याने झाकून चालले. गुलाल मात्र सगळा उघड्या बाजूला बसला.

त्यानंतरच्या यात्रांना बाहेरगावचा निवेदक आला. तो स्वतःचं म्युझिक घेऊन यायचा. दत्तोबा पाण्याच्या टँकरमागे उभा राहून बाऱ्या बघायचा. त्याचे ओठ हलायचे, आवाज नसायचा. घरी मात्र तो शब्द कुठूनही बाहेर पडायचा. कुकरची शिट्टी व्हायच्या आत येसूबाईला मागून ऐकू यायचं, "झाली."

"झाली काय? अजून वाफ न्हाई धरली," येसूबाई म्हणायची. "तुमचं सगळं आधीच."

मधल्या एका निवडणुकीला गावातल्या कॉलेजच्या मुलांनी मोबाइलवरचे आकडे माईकवर वाचून दाखवले. पक्षाची नावं घ्यायची नाहीत म्हणून 'प्रथम आघाडी', 'द्वितीय आघाडी' असं काहीबाही म्हणत. शिवारात कुणाला कळलं नाही. संध्याकाळी बायका देवळात भांडायला आल्या. येसूबाई पुढे होती, पण नवऱ्याचं नाव तिने घेतलं नाही. ते बाकीच्यांनी घेतलं.

यंदा निवडणूक लागली तेव्हा आबांनी दत्तोबाला देवळात बोलावलं. धोंडिबाही खांबाला टेकून बसला होता.

"मिशी वाढली माझी," आबा म्हणाले. "पन उजवी बाजू अजून डावीसारखी न्हाई. हात लावून बघ पायजे तर."

दत्तोबा खाली बघत राहिला.

"मोजणीला माईक घे. पोचली त्याला पोचली म्हन, पळतीय तिला पळतीय म्हन. एक 'झाली' आधी निघाली, तर घाटाचा माईक कायमचा गेला असं समज. न्हाई निघाली, तर चैताच्या यात्रेला घाट तुझा."

"आन पैज?" दत्तोबाने विचारलं.

"ती हायेच," धोंडिबा म्हणाला. "यंदा पांढरी त्यांचीच, काळी माझी. निशाणावर एक पोचली की दुसऱ्याची मिशी. सत्यमला आत्ताच सांगितलंय, वस्तरा नवा आन."

"आन दत्त्या," आबा म्हणाले, "ह्या खेपेला सत्यम तुझ्या तोंडाकडंच बघून वस्तरा लावनार हाये. टीव्हीकडं बघून न्हाई."

मोजणीच्या दिवशी येसूबाईने शेतावर निघताना त्याच्या तळहातावर एक अख्खी सुपारी ठेवली.

"गालात धरा. फोडू नका."

"हिनं काय व्हतंय?"

"तोंड उघडाया जड पडंल. आकडं सांगाया तोंड थोडं उघडलं तरी चालतंय. त्यो शब्द काढाया मोठं उघडाया लागतं."

दत्तोबाने सुपारी गालात धरली. अनिता, त्यांची मुलगी, वराळ्याजवळच्या कंपनीतून रजा काढून आली होती. ती पायरीवर मोबाइल घेऊन बसली. निकालाच्या पानावर प्रत्येक पक्षापुढे दोन आकडे होते, विजयी आणि आघाडीवर. तिने ते जोडीवार मिळवायचे आणि बापाला सांगायचे. विजयी म्हणजे पोचले. आघाडीवर म्हणजे पळतायत.

ऊन देवळाच्या कळसावरून खाली उतरलं आणि भोंगा खरखरला.

"परंदवडीच्या शिवारा, ऐक. बैल जुंपलेत. पोचलं कुणी न्हाई. पांढरी एकशे दहा पळतायत. काळी एकशे पाच. मोकाट नऊ कुंपनाकडंला चरतायत. बाकीच्यांची शिंगं अजून रंगवायची हायेत."

खालच्या खाचरांतून एक आरोळी आली, तिच्यामागे दुसरी, आणि वाकून कापणाऱ्या रांगांच्या माना वर आल्या. इतक्या दिवसांनी तो आवाज शिवारावर पसरला होता. सुपारीने त्याची धार थोडी गेली होती, पण चाल तीच. येसूबाईने वर बघितलं नाही. तिचा विळा मात्र लवकर लवकर चालू लागला.

दुपारपर्यंत सगळं सुरळीत होतं. पोचलेले वाढत होते, पळणारे कमी होत होते. कधी पांढरी पुढे, कधी काळी. दर थोड्या वेळाने भोंगा खरखरला की झोडणीच्या खळ्यावर भाताचे भारे हवेतल्या हवेत थांबत. दत्तोबा प्रत्येक वेळी चाल बदलायचा. एकदा काळीच्या आठ जागा एकदम पोचल्या तेव्हा तो म्हणाला, "काळीनं चढन एका दमात मारली, धोंडिबाभाऊ, पानी प्या." खळ्यावरून धोंडिबाचा आवाज आला, "आधी आबांना पाजा!" तो भोंग्याशिवायही देवळापर्यंत पोचला.

"आप्पा, पांढरीची एक जागा गेली," अनिता मध्येच म्हणाली. "मोकाटांत गेली. अपक्ष निवडून आलाय."

"पोचला का पळतोय?"

"पोचला."

दत्तोबा माईकवर म्हणाला, "पांढरीतला एक बैल दावं तोडून मोकाटांत पोचला. आवरा आपापली दावी."

मोकाटांचं काय, ते नुसते चरतायत, असं तोवर सगळे धरून होते.

उन्हं कलली तसं गाव देवळाकडे येऊ लागलं. अंगावर भाताचा भुसा, केसांत पातीचे तुकडे, इंद्रायणी तांदळाचा वास सगळ्यांबरोबर चालत आलेला. पोरांनी कुणाच्या तरी ओट्यावर टीव्ही आणून लावला होता. टीव्हीवर पोचलेले आणि पळणारे असा भेद नव्हता. तिथे सगळेच एकत्र. आणि तिथे पांढरी एकशे पंचेचाळीस झाली होती.

"आबा, झालं!" टीव्हीपुढून पोरं ओरडली. कुणीतरी गुलालाची पिशवी फोडली.

आबा पायरीपाशी आले. त्यांचा श्वास फुलला होता. शेतातून चालत आल्याने नव्हे.

"दत्त्या, किती?"

दत्तोबाने अनिताकडे बघितलं. अनिताने सांगितलं. दत्तोबाने माईक तोंडाशी नेला.

"पांढरी. पोचली एकशे एकेचाळीस. पळतीय चार. काळी. पोचली एकशे चौतीस, पळतीय दोन. मोकाट सात, पोचले. निशान अजून वर हाये."

"टीव्हीवर तर पंचेचाळीस हायेत!"

"पंचेचाळीसमदी पळनारे हायेत, आबा."

"पळनारे पोचनारच की आता."

दत्तोबाने सुपारी एका गालातून दुसऱ्या गालात नेली. दोन्ही हातांनी माईक असा धरला होता जणू तोच पळून जाईल.

मग ते सुरू झालं, ज्याची सगळे वाट बघत होते. पांढरी एकशे बेचाळीस. त्रेचाळीस. काळीचाही एकेक पोचत होता, पण काळीला आता निशाण दिसणारच नव्हतं, हे धोंडिबालाही कळलं होतं. तो शांतपणे पिंपळाखाली गेला आणि सत्यमच्या खुर्चीत बसला. पैज म्हणजे पैज.

"अजून झाली न्हाई म्हनलेत," सत्यम म्हणाला.

"फेस तर लाव. थंड लागतोय त्यो, सवय व्हऊ दे."

सत्यमने ब्रश फिरवला. धोंडिबाच्या झुबकेदार मिशा फेसात बुडाल्या. वस्तरा उघडून तो दत्तोबाच्या तोंडाकडे बघत उभा राहिला.

"पांढरी," भोंगा म्हणाला, "पोचली एकशे चव्वेचाळीस."

देवळापुढच्या एवढ्या गर्दीत पिंपळाची पानं ऐकू येत होती. येसूबाई गर्दीच्या कडेला होती, डोक्यावरचा भारा खाली ठेवायचं विसरून.

"काळी पोचली एकशे छत्तीस. मोकाट पोचले सात." दत्तोबाचा आवाज आता दोरीसारखा ताणलेला. "एक पळतीय. एकच. पांढरीची."

"कितीनं पुढं?" आबांनी विचारलं.

अनिताने आकडा बघितला. "बरीच पुढे आहे, आबा. दोनच फेऱ्या राहिल्यात. मागं मोकाटातला एक अपक्ष आहे, पण लांब आहे."

गर्दीतून एकदम आवाज उठला. पोरांनी फटाक्यांची माळ पसरली. आबा दोन पायऱ्या वर चढले आणि दत्तोबाच्या कानाशी आले. त्यांच्या मिशा थरथरत होत्या, त्या दोन्ही बाजूंनी सारख्याच थरथरत होत्या.

"म्हन की आता."

दत्तोबाने मान हलवली.

"आरं, बरीच पुढं हाये म्हनतीय पोरगी. बैलाची मान बघ की. तुला कळतंय, मला ठावं हाये तुला कळतंय. घाटात अर्धा श्वास आधी म्हनायचास का न्हाई?"

"म्हनायचो."

"मग?"

"घाटात बैल वळत न्हाई, आबा."

"हितं कोन वळतंय आता? दोन फेऱ्यांत?" आबांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "म्हन. मी सांगतोय म्हन. मीच सांगतोय तर अट कसली?"

हा क्षण दत्तोबाला कुणी शिकवला नव्हता. समोर घाटासारखाच जमाव होता, तोंडं वर करून, त्याच्या एका शब्दावर उडायला टेकलेला. कळत होतंच त्याला. छातीपासून जिभेपर्यंत सगळं अंग त्या शब्दाच्या चढणीला लागलं होतं. ज्याच्या हातात घाटाचा माईक होता, तोच माणूस कानाशी तो शब्द मागत होता. न म्हणावं तर तो रुसणार, म्हणावं तर अट मोडणार. त्याने धोंडिबाकडे बघितलं. फेसात बुडालेला धोंडिबा डोळे मिटून बसला होता. वस्तरा त्याच्या उजव्या गालापासून बोटभर दूर होता आणि सत्यम दत्तोबाच्या ओठांकडे टक लावून होता.

दत्तोबाने माईक वर केला. सत्यमचा हात वर झाला.

"एक," दत्तोबा म्हणाला, "पळतीय."

गर्दी वैतागली. कुणीतरी म्हणालं, "दत्तूभाऊ, मिशीला घाबरला का?" दुसरा म्हणाला, "घशात अडकलं त्याच्या." हसणं उठलं. आबा पायरीवरून खाली उतरले, मागे न बघता. दत्तोबाचा चेहरा लाल झाला होता. सुपारी जणू गालातून बाहेर येईल अशी दिसत होती.

"पळतीय," तो परत म्हणाला. या वेळी कुणी विचारलं नव्हतं.

मग अनिताचा मोबाइल बराच वेळ हललाच नाही. तो आकडा थिजून राहिला. टीव्हीवर कुणी तज्ज्ञ सरकार कसं बनेल ते सांगू लागला, मंत्री कोण होणार तेही. सूर्य डोंगराला टेकला. धोंडिबाच्या मिशीवरचा फेस सुकून तडकू लागला, सत्यमने तो पुन्हा ओला केला.

"शेवटची फेरी," अनिता म्हणाली. आणि मग, "आप्पा, थांबा. कमी झालं. आघाडी कमी झाली."

"किती?"

"खूपच. शेवटच्या गावांच्या पेट्या त्या अपक्षाच्याच भागातल्या निघाल्या असतील." ती पान परत परत उघडत होती. "फेरमोजणी मागितलीय म्हणतायत."

बातमी गर्दीत पायरीवरून उतरत मागे गेली आणि जिथे जिथे पोचली तिथे लोक पुढे सरकले. माळ पसरलेल्या पोराने आगपेटी खिशात घातली. आबा ओट्याजवळ होते, तिथून वळले. पुन्हा कुणी दत्तोबाला काही म्हणायला लावलं नाही. आता सगळे त्याच्याकडे उलट्या भीतीने बघत होते, की हा काही म्हणेल.

फेरमोजणी आटोपली आणि अनिताने वर बघितलं. ओठ दाबलेले. तिने आकडा बापाच्या कानात सांगितला. दत्तोबाने डोळे मिटले, उघडले, आणि तळहातावर सुपारी काढून ठेवली. अख्खी होती. कडेला फक्त दातांच्या खुणा होत्या.

"परंदवडीच्या शिवारा, ऐक," तो म्हणाला, आणि आता त्या आवाजाला अडथळा नव्हता. तो देवळावरून, पिंपळावरून, कापलेल्या खाचरांवरून सोमाटण्याच्या बाजूला गेला. "शेवटचा बैल वळला. निशानाशी वळला आन मोकाटांत गेला. पांढरी एकशे चव्वेचाळीस. काळी एकशे छत्तीस. मोकाट आठ. सगळे पोचले, पळतंय कुनी न्हाई. निशानावर कुनीच न्हाई. आता ह्या आठांना कोन वैरन दावतंय, ते मुंबईला बघा. परंदवडीची मोजनी संपली."

खुर्चीतून धोंडिबाने विचारलं, "म्हंजे माझ्या मिशीचं काय?"

"कुनीच पोचलं न्हाई, भाऊ," सत्यम म्हणाला.

"मग पूस की फेस. कवाचा थंड बसलोय."

हसणं असं उठलं की पिंपळावरचे बगळे उडाले. धोंडिबा टॉवेलने तोंड पुसत आला. दोन्ही बाजूंनी मिशी शाबूत होती. तो थेट आबांपुढे उभा राहिला.

"आबा, तुमी म्हन म्हनताना मी डोळं मिटलं व्हतं. कान उघडं व्हतं."

आबा धोंडिबाच्या मिशीकडे बघत राहिले. मग स्वतःच्या उजव्या बाजूवरून त्यांनी एकदा बोट फिरवलं, जिथे ती अजून डावीसारखी नव्हती. पायऱ्या चढून ते दत्तोबाजवळ आले. मघाशी चढले होते त्यापेक्षा हळू. दत्तोबा उठून उभा राहिला. माईक अजून हातात, बटण चालूच.

"मी मागितलं तरी दिलं न्हाईस," आबा म्हणाले.

"न्हाई दिलं."

"राग आला मला."

"दिसलं."

त्यांचं बोलणं भोंग्यातून सगळ्या शिवारावर जात होतं. अनिताने बापाचा सदरा ओढला, पण दोघांच्याही ते ध्यानात आलं नाही. खळ्यावर मागे राहिलेल्या म्हाताऱ्या, रस्त्यावरून घरी निघालेले कामगार, सगळे ऐकत उभे होते.

"चैताला येशील," आबा म्हणाले. "पन एक सांगतो. घाटात असा गप बसू नको. तितं मला अर्धा श्वास आधीच पायजे."

दत्तोबाच्या तोंडून शब्द निघेना. ज्याचा आवाज डब्यांच्या शेवटापर्यंत पोचायचा, त्याला समोरच्या माणसाला "व्हय" म्हणता येईना. गर्दीच्या कडेने येसूबाईने अखेर भारा खाली ठेवला.

"आवो," ती तिथूनच म्हणाली, "आता म्हना की. सकाळधरनं कोंडलाय."

गाव वळून तिच्याकडे बघू लागलं, मग त्याच्याकडे. दत्तोबाने माईक तोंडाशी नेला. छाती भरली. काटकुळ्या अंगात कुठून येतं ते आलं. त्याचे ओठ उघडायच्या आतच पोराच्या खिशातली आगपेटी बाहेर निघाली, सत्यमचा वस्तरा मिटला, आणि दूर खळ्यावर कुणीतरी हातातला भारा वर उचलला. गावाला त्याच्या मानेवरूनच कळलं होतं.

"झाली!"